‘फिस्टुला’ची नोंद : संकेतांक जागा सांगतो, कारण नव्हे

दर्यापूर : ‘अंगावरून पाणी जाते’ ही तक्रार वऱ्हाडातील स्त्रीरोग बाह्यरुग्ण विभागांना नवी नाही. बहुतेक वेळा ती श्वेतप्रदराची असते. परंतु ओल रात्रंदिवस, झोपेतही थांबत नसेल आणि तिला लघवीचा वास येत असेल, तर मूत्राशय व योनिमार्ग यांच्यामध्ये छिद्र पडले असण्याची शक्यता असते. यालाच डॉक्टर फिस्टुला म्हणतात. हे निदान केसपेपरवर कोणत्या शब्दांत व कोणत्या संकेतांकाने उतरते, यावर पुढील उपचारांची दिशा तर अवलंबून असतेच. शिवाय हा आजार आकडेवारीत दिसणार की नाही, हेही त्यावरच ठरते.

घोळ शब्दापासूनच सुरू होतो. मराठीत ‘भगंदर’ म्हटले की गुदद्वाराजवळचा आजार डोळ्यांपुढे येतो. इंग्रजीत त्यालाही फिस्टुलाच म्हणतात. त्यामुळे कागदावर नुसते ‘फिस्टुला’ लिहिले आणि अवयव लिहिला नाही, तर संकेतांक देणारा कर्मचारी स्त्रीरुग्णाची नोंद भगंदराच्या ‘के६०.३’ या खान्यात टाकण्याचा संभव असतो. निदानच झाले नाही आणि ‘लघवी गळते’ एवढेच लिहिले, तर ती ‘आर३२’ या सर्वसाधारण खान्यात जाते. तेथे खोकताना थेंब गळणाऱ्या म्हाताऱ्या बाईची आणि बाळंतपणात मूत्राशय फाटलेल्या विशीतील मुलीची नोंद शेजारी शेजारी बसू शकते.

हे संकेतांक जागतिक आरोग्य संघटनेच्या आंतरराष्ट्रीय रोग वर्गीकरणातील आहेत. या वर्गीकरणाचे मूळ फ्रेंच संख्याशास्त्रज्ञ झाक बर्तियाँ यांनी १८९३ मध्ये मांडलेल्या यादीत सापडते. ती यादी केवळ मृत्यूच्या कारणांची होती. १९४८ च्या सहाव्या आवृत्तीपासून जिवंत रुग्णांचे आजारही त्यात आले. फिस्टुलाच्या दृष्टीने हा बदल मोलाचा ठरतो. हा आजार सहसा जीव घेत नाही. तो बाईला घरातल्या घरात वेगळे पाडतो. मृत्यूच्या दाखल्यांतून तो कधीच मोजला गेला नसता.

दहाव्या आवृत्तीत स्त्रीजननमार्गाच्या फिस्टुलांसाठी ‘एन८२’ हा गट आहे. मूत्राशय व योनिमार्ग यांतील छिद्र म्हणजे ‘एन८२.०’. मूत्रवाहिनी, मूत्रनलिका किंवा गर्भाशय यांच्याशी संबंधित मूत्रमार्गाचे इतर फिस्टुला ‘एन८२.१’ मध्ये येतात. लहान आतडे, मोठे आतडे व त्वचा यांच्यासाठी पुढचे क्रमांक आहेत. प्रकार स्पष्ट नसेल तेव्हा ‘एन८२.९’. हा शेवटचा खाना सोयीचा आहे, म्हणूनच धोक्याचाही.

‘.०’ आणि ‘.१’ यांतील फरक कारकुनी नाही. तो ओळखण्याची एक जुनी, स्वस्त चाचणी आहे. योनिमार्गात कापसाचे तीन बोळे एकावर एक ठेवतात आणि नळीवाटे मूत्राशयात निळे औषध सोडतात. थोड्या वेळाने बोळे काढून पाहतात. मधला किंवा वरचा बोळा निळा झाला, तर छिद्र मूत्राशयात आहे. वरचा बोळा ओला झाला, पण निळा झाला नाही, तर लघवी मूत्राशयात पोहोचण्यापूर्वीच, म्हणजे मूत्रवाहिनीतून गळत असल्याचा संशय येतो. पहिल्या प्रकारात छिद्र लहान व ताजे असेल, तर काही आठवडे नळी ठेवून ते भरून येऊ शकते. दुसऱ्यात मूत्रपिंडालाच धोका असतो. तेथे वाट पाहत बसणे महागात पडते. दर्यापुरातून अमरावतीच्या डफरीन रुग्णालयात किंवा अकोल्याच्या शासकीय वैद्यकीय महाविद्यालयात पाठवताना चिठ्ठीवर हा फरक लिहिलेला असला, तर पुढील डॉक्टरला पहिल्या पानापासून सुरुवात करावी लागत नाही.

मात्र ‘एन८२.०’ छिद्राची जागा सांगतो; ते का पडले, हे सांगत नाही. प्रसूती फार काळ अडली की बाळाचे डोके मूत्राशयाला जघनास्थीवर दाबून धरते, रक्तपुरवठा तुटतो, ऊती मरते आणि काही दिवसांनी तेथे छिद्र उरते. गर्भाशय काढण्याच्या शस्त्रक्रियेत मूत्राशयाला इजा झाली, तरी तेच घडते. गळती बहुधा आठवड्या-दोन आठवड्यांनी, बाई घरी परतल्यावर सुरू होते. गर्भाशयमुखाचा कर्करोग व त्यावरील किरणोपचार हे तिसरे कारण. कारणासाठी वर्गीकरणात जोड संकेतांक आहेत : प्रसूतीच्या मागाहून उरलेल्या परिणामांसाठी ‘ओ९४’, अवयव काढण्याच्या शस्त्रक्रियेतून उद्भवलेल्या त्रासासाठी ‘वाय८३.६’. पण नोंद मुख्य संकेतांकावरच थांबली, तर तिन्ही बायका एकाच रांगेत उभ्या राहतात.

प्रतिबंधाचे उपाय तर अगदी भिन्न आहेत. अडलेल्या बाळंतपणावर उत्तर म्हणजे वेळेवर रुग्णवाहिका आणि सिझेरियनची सोय. शस्त्रक्रियेतील इजेचा प्रश्न गर्भाशय काढणे मुळात गरजेचे होते का, येथून सुरू होतो. बीड जिल्ह्यातील ऊसतोड महिलांबाबत हाच प्रश्न २०१९ मध्ये ऐरणीवर आला. त्या वेळी पाहणी झालेल्या सुमारे ८२ हजार महिलांपैकी १३ हजारांहून अधिक जणींचे गर्भाशय काढलेले आढळले.

विमा योजनेच्या कागदांवरूनही हे कोडे सुटत नाही. आज महात्मा जोतिराव फुले यांच्या नावाने चालणारी राज्याची जन आरोग्य योजना २ जुलै २०१२ रोजी राजीव गांधी जीवनदायी योजना म्हणून सुरू झाली, तेव्हा पहिल्या आठ जिल्ह्यांत अमरावती होता. परंतु योजनेतील उपचारांचे क्रमांक काय केले हे सांगतात. काय झाले होते आणि कशामुळे, हे नव्हे.

आणि दवाखान्यात न आलेल्या बाईला कोणताच क्रमांक मिळत नाही. डॉ. राणी व डॉ. अभय बंग यांनी गडचिरोलीतील दोन गावांत ६५० महिलांची तपासणी केली. ‘लॅन्सेट’मध्ये १९८९ साली प्रसिद्ध झालेल्या त्या अभ्यासात ९२ टक्के महिलांना स्त्रीरोग आढळले, आधी तपासणी झालेल्या होत्या जेमतेम ८ टक्के.

१ जानेवारी २०२२ पासून अकरावी आवृत्ती लागू झाली असून तीत आजार व कारण यांचे संकेतांक एकत्र जोडण्याची सोय अधिक सुटसुटीत आहे. जोडायचे काय, हे मात्र रुग्णाच्या कागदांवर असावे लागते. गळतीची तक्रार घेऊन जाणाऱ्या महिलेने बाळंतपणाचे किंवा शस्त्रक्रियेचे डिस्चार्ज कार्ड सोबत न्यावे. कार्ड हरवले असल्यास शस्त्रक्रिया कोणती, कोणत्या महिन्यात झाली आणि गळती त्यानंतर किती दिवसांनी सुरू झाली, या तीन गोष्टी डॉक्टरांना सांगून केसपेपरवर लिहवून घ्याव्यात.