हिंगण्याची झोपडी आणि तिथून निघालेल्या बायका

1900 साली पुण्याजवळच्या हिंगण्याच्या माळावर एक झोपडी उभी राहिली. रावबहादूर गणेश गोविंद गोखले यांनी जमीन दिली आणि धोंडो केशव कर्व्यांनी 1896 मध्ये स्थापन केलेल्या अनाथ बालिकाश्रमाला स्वतःचं छप्पर मिळालं. कर्वे फर्ग्युसन कॉलेजात गणित शिकवत आणि काम आटोपलं की चिखलवाट तुडवत आश्रमात जात.

इथे येणाऱ्या बहुतेक जणी ब्राह्मण घरांतल्या तरुण विधवा होत्या. केशवपन झालेलं, अंगावर आलवण, दीर-जावांच्या घरी पडेल ते काम, आणि मंगलकार्यात समोर यायचीही बंदी. अशा मुलीची कीव करणारे पुष्कळ होते. हिंगण्याने तिच्या हाती पाटी-पुस्तक दिलं आणि पुढे शिक्षिका किंवा परिचारिका होऊन स्वतःच्या कमाईवर जगायची वाट दाखवली. पुनर्विवाहाचा आग्रह मात्र आश्रमाने धरला नाही. कर्व्यांनी स्वतः 1893 मध्ये विधवेशी विवाह केला होता. पण आश्रमावर तोच शिक्का बसला असता, तर आईबापांनी मुली पाठवल्याच नसत्या.

या बदलाचं ठळक उदाहरण म्हणजे कर्व्यांच्या मेहुणी पार्वतीबाई आठवले. देवरुखच्या या बाई विशीच्या आसपास विधवा झाल्या, पदरी एक मुलगा. आश्रमात त्यांनी स्वयंपाकघरापासून व्यवस्थेपर्यंत सगळं सांभाळलं, मग वर्गणीसाठी गावोगाव फिरल्या, सभांतून बोलल्या. केशवपन त्यांनी विचारपूर्वक सोडलं. 1918 मध्ये, चाळिशी उलटल्यावर, त्या अमेरिकेला गेल्या आणि तिथे घरकाम करून राहिल्या. ‘माझी कहाणी’ हे आत्मचरित्रही त्यांनी लिहिलं.

1907 मध्ये महिला विद्यालय निघालं, तेव्हा कुमारिकांसाठीही दार उघडलं. मुलगी शाळेत असेल तर लग्न लांबतं, हे साधं गणित त्यामागे होतं. 1916 मध्ये महिला विद्यापीठ सुरू झालं आणि उच्च शिक्षण मातृभाषेतून देण्याचा निर्णय झाला. 1920 मध्ये विठ्ठलदास ठाकरसी यांनी 15 लाखांची देणगी दिली. त्यांच्या मातोश्रींचं नाव आजही विद्यापीठाला आहे.

हिंगण्याचं काम दीर्घकाळ मुख्यतः एका जातीपुरतं राहिलं, ही मर्यादा नोंदवलीच पाहिजे. तरीही एक गोष्ट या संस्थेने निर्विवाद सिद्ध केली: बाईची स्थिती पालटते ती दयेने नव्हे, शिक्षणाने आणि हातात येणाऱ्या स्वतःच्या पगाराने.