संघाला हवा तेथे : अंशुमन गायकवाड

अमेरिकेतील बेसबॉल या खेळात मैदानावर नऊ जागा असतात आणि प्रत्येक जागेचे कसब निराळे असते. चेंडू फेकणारा, तो झेलणारा, तळ राखणारे आणि दूरवर उभे राहणारे, या सर्वांची घडण वेगवेगळी होते. तथापि प्रत्येक व्यावसायिक संघ असा एक खेळाडू बाळगून असतो, की ज्याला यांतील कोणतीही एक जागा कायमची मिळालेली नसते. कोणी जायबंदी झाला, कोणाचा सूर हरपला, की त्याला तेथे उभे केले जाते. अशा खेळाडूला तिकडे ‘युटिलिटी प्लेअर’ म्हणतात. 1965 च्या सप्टेंबरमध्ये बर्ट कॅम्पॅनेरिस नावाचा खेळाडू एकाच सामन्यात नऊही जागांवर खेळला. पण तो एका संध्याकाळचा विक्रम होता. अशा खेळाडूची खरी कसोटी लागते ती वर्षानुवर्षे, दुसऱ्याच्या गरजेनुसार आपली जागा बदलत राहण्यात.

क्रिकेटमध्ये या जातीचा खेळाडू सहसा अष्टपैलू म्हणून ओळखला जातो. परंतु या दोहोंत फरक आहे. अष्टपैलू खेळाडू दोन कामे करतो आणि दोन्हींत त्याची जागा ठरलेली असते. येथे ज्याचा विचार करावयाचा, तो एकच काम करतो, पण ते कोठे करावयाचे हे त्याच्या हाती नसते. बडोद्याचे अंशुमन गायकवाड हे अशा खेळाडूचे उत्तम उदाहरण होय.

बडोद्याला क्रिकेट नवे नव्हते. लक्ष्मीविलास राजवाड्याच्या आवारातील मोतीबाग मैदानावर या खेळाची परंपरा रुजली होती. 1947 मध्ये विजय हजारे आणि गुल महंमद यांनी होळकर संघाविरुद्ध 577 धावांची भागी केली, ती बडोद्याच्याच संघासाठी. अंशुमन यांचे वडील दत्ताजीराव गायकवाड यांच्या नेतृत्वाखाली 1957-58 च्या हंगामात बडोद्याने रणजी करंडक जिंकला; 1959 च्या इंग्लंड दौऱ्यावर ते भारताचे कर्णधार होते. याच दत्ताजीरावांना 1952 मध्ये लीड्स येथे पहिल्याच कसोटीत सलामीला पाठविण्यात आले होते. त्या कसोटीच्या दुसऱ्या डावात एकही धाव होण्यापूर्वी भारताचे चार गडी बाद झाले आणि त्या चौघांत दत्ताजीराव होते. संघाने दिलेली जागा घेण्याचे मोल काय असते, याचा धडा असा घरातच होता.

23 सप्टेंबर 1952 रोजी मुंबईत जन्मलेले अंशुमन बडोद्यातच क्रिकेटपटू म्हणून घडले. 1974 च्या डिसेंबरमध्ये कलकत्त्याला वेस्ट इंडीजविरुद्ध ते पहिली कसोटी खेळले, ते मधल्या फळीतील फलंदाज म्हणून. सलामी आणि मधली फळी यांतील अंतर आकड्यांनी दोन-चार क्रमांकांचेच दिसते. पण ते काम जवळजवळ वेगळेच आहे. सलामीच्या फलंदाजापुढे चेंडू नवा असतो, त्याची शिवण उठावदार असते, गोलंदाज ताजातवाना असतो आणि खेळपट्टी कशी वागेल हे कोणालाच ठाऊक नसते. मधल्या फळीतील फलंदाजाला बहुधा जुना झालेला चेंडू आणि फिरकी गोलंदाज भेटतात. त्याला पॅड बांधून तासन्‌तास वाट पाहावी लागते आणि मग परिस्थितीप्रमाणे डाव सावरावा किंवा वाढवावा लागतो. एकाच्या पायांची हालचाल दुसऱ्याच्या कामी येईलच असे नाही.

सुनील गावसकर यांच्या जोडीला टिकाऊ साथीदार हवा, ही त्या काळी भारतीय संघाची मोठी गरज होती. 1976 च्या वेस्ट इंडीज दौऱ्यात ती गायकवाडांकडे आली. पोर्ट ऑफ स्पेनच्या कसोटीत भारताने चौथ्या डावात चार गडी गमावून 406 धावा केल्या आणि तो सामना जिंकला. त्या पाठलागाचा आरंभ गावसकर आणि गायकवाड यांनी 69 धावांच्या सलामीने केला. गायकवाडांच्या वाट्याला त्यांतल्या 28 आल्या. इतिहासात राहिली ती गावसकर आणि विश्वनाथ यांची शतके.

या पराभवानंतर वेस्ट इंडीजचे कर्णधार क्लाइव्ह लॉइड यांनी फिरकीवरचा विश्वास काढून घेतला आणि किंग्स्टनच्या पुढील कसोटीत वेगवान गोलंदाजांचा मारा उभा केला. खेळपट्टीवर चेंडू अनपेक्षित उसळत होता. हेल्मेटचा काळ अद्याप यावयाचा होता. गावसकर-गायकवाड जोडीने 136 धावांची सलामी दिली. गायकवाड छातीवर, हातांवर चेंडू घेत दुसऱ्या दिवसापर्यंत उभे राहिले. अखेर मायकेल होल्डिंग यांचा एक चेंडू त्यांच्या कानावर आदळला आणि 81 धावांवर त्यांना इस्पितळात न्यावे लागले. कानाच्या पडद्याला झालेल्या इजेसाठी पुढे शस्त्रक्रिया कराव्या लागल्या. विश्वनाथ आणि ब्रिजेश पटेल हेही त्याच डावात जायबंदी झाले. दुसऱ्या डावात भारताचे पाच जण फलंदाजीस येऊच शकले नाहीत आणि तो डाव 97 धावांवर संपला. धावफलकावर 81 हा आकडा शतकाखाली येतो. पण ज्या जागेवर आणि ज्या माऱ्यापुढे तो उभा राहिला, ते धावफलक सांगत नाही.

यानंतर सलामीची जागा त्यांची कायमची झाली असे मात्र घडले नाही. 1979 च्या फेब्रुवारीत कानपूर येथे वेस्ट इंडीजविरुद्ध त्यांनी आपले पहिले कसोटी शतक, 102 धावांचे, झळकाविले. ते मधल्या फळीत, कारण तेव्हा सलामीला गावसकरांसोबत चेतन चौहान होते. पुढे 1983 च्या वेस्ट इंडीज दौऱ्यावर त्यांना पुन्हा सलामीला बोलावण्यात आले. त्याच वर्षीच्या सप्टेंबरमध्ये जालंधरला पाकिस्तानविरुद्ध सलामीस येऊन त्यांनी 436 चेंडूंत 201 धावा काढल्या. हा डाव 671 मिनिटे, म्हणजे अकरा तासांहून अधिक चालला. प्रथम श्रेणी क्रिकेटमधील ते तोवरचे सर्वांत संथ द्विशतक ठरले. प्रेक्षकांच्या दृष्टीने ती रंजक फलंदाजी नव्हती. पण सलामीच्या फलंदाजाकडून संघाने मागितलेली पहिली गोष्ट, म्हणजे बाद न होणे, ती तीत पुरेपूर होती.

त्याच वर्षाच्या डिसेंबरात मद्रासला जे घडले, ते या प्रकारच्या खेळाडूची स्थिती स्पष्ट करते. गावसकर यांनी त्या कसोटीत सलामी सोडून चौथा क्रमांक घेतला. गायकवाड सलामीलाच राहिले. भारताच्या खात्यावर एकही धाव नसताना माल्कम मार्शल यांनी दोन गडी टिपले, त्यांत गायकवाड एक होते. चौथ्या क्रमांकाचे गावसकर शून्य धावांवरच मैदानात उतरले आणि नाबाद 236 धावा करून परतले. थोर फलंदाज जागा निवडू शकतो आणि तेवढा अधिकार त्याने कमावलेला असतो. दुसऱ्याने त्याच्या मागे उरलेली जागा निमूटपणे सांभाळावयाची असते.

1984 ची अखेर आणि 1985 चा आरंभ यांच्या संधीवर खेळली गेलेली कलकत्त्याची कसोटी गायकवाडांची शेवटची ठरली. कारकीर्द जेथे सुरू झाली, त्याच ईडन गार्डन्सवर ती संपली. 40 कसोटींत 1,985 धावा, सरासरी 30.07, दोन शतके. ही सरासरी पाहून त्यांना सामान्य फलंदाज ठरविणे सोपे आहे. परंतु प्रथम श्रेणीच्या 206 सामन्यांत त्यांनी 12,136 धावा आणि 34 शतके केली, शिवाय ऑफस्पिन गोलंदाजीने 143 बळी मिळविले. या दोन हिशेबांतील तफावतीचा काही भाग कसोटी क्रिकेटच्या दर्जाचा आहे, हे मान्यच करावे लागेल. उरलेला भाग बदलत्या जागांचा आणि त्या जागांवर भेटलेल्या गोलंदाजांचा आहे. एका जागी मुरलेला फलंदाज चुका सुधारतो, आपली लय बांधतो. ज्याची जागा दर हंगामात बदलते त्याला तेवढी सवडच मिळत नाही.

खेळ थांबल्यावरही काम बदलतच राहिले. ते राष्ट्रीय निवडसमितीवर होते. 1997 मध्ये भारतीय संघाचे प्रशिक्षक झाले. 1999 च्या फेब्रुवारीत दिल्लीला अनिल कुंबळे यांनी पाकिस्तानचे दहाही गडी बाद केले, तेव्हा संघाची तयारी गायकवाडांकडे होती. 2000 मध्ये प्रशिक्षकपद अचानक रिकामे झाले, तेव्हा पुन्हा त्यांनाच पाचारण झाले. 2018 मध्ये क्रिकेट नियामक मंडळाने त्यांना कर्नल सी. के. नायडू जीवनगौरव पुरस्कार दिला. 2019 मध्ये मंडळाच्या शिखर परिषदेवर ते खेळाडूंचे प्रतिनिधी म्हणून गेले.

2024 हे वर्ष बडोद्याच्या क्रिकेटला जड गेले. 13 फेब्रुवारीस दत्ताजीराव 95 व्या वर्षी निवर्तले. रक्ताच्या कर्करोगाशी झुंजत असलेल्या अंशुमन यांच्यासाठी त्यांचे जुने सहकारी मदतीस धावले, नियामक मंडळाने एक कोटी रुपये मंजूर केले. परंतु 31 जुलै रोजी बडोद्यातच त्यांचा अंत झाला.

खेळाचा इतिहास बहुधा शतकांच्या आणि बळींच्या कोष्टकांवरून लिहिला जातो. त्या कोष्टकांत फलंदाजाच्या नावापुढे धावा असतात. तो कोणत्या क्रमांकावर, कोणाच्या ऐवजी आणि कोणत्या माऱ्यापुढे उभा होता, यासाठी रकाना नसतो. गायकवाडांसारख्या खेळाडूचे मोल करावयाचे, तर धावांशेजारी तो रकाना वाचकाने स्वतः आखून घ्यावा लागतो. किंग्स्टनच्या 81 धावा त्या रकान्यात मांडून पाहिल्या, तर पुष्कळ शतकांच्या वर त्यांची नोंद करावी लागेल.