नोबुयासू ओकाबायाशी

नोबुयासू ओकाबायाशी (जन्म: २२ जुलै १९४६) हे जपानी गायक, गीतकार व संगीतकार आहेत. १९६० च्या दशकाच्या अखेरीस जपानमध्ये बहरलेल्या ‘फोक’ चळवळीचे ते अग्रणी होत. ‘फोकचे दैवत’ हे बिरुद त्यांना याच काळात मिळाले. त्या प्रतिमेतून बाहेर पडण्याची धडपड त्यांच्या पुढील कारकिर्दीत सातत्याने दिसते.

‘फोक’ आणि ‘मिन्यो’

जपानी भाषेत पारंपरिक लोकगीतांना ‘मिन्यो’ म्हणतात. ‘फोक’ हा शब्द मात्र अमेरिकन गायकांच्या प्रभावातून आलेल्या, गिटारच्या साथीने गायिल्या जाणाऱ्या स्वरचित गीतांसाठी रूढ झाला. म्हणून जपानी ‘फोक गायक’ म्हणजे लोकगीत गायक असे समजणे योग्य नाही. ओकाबायाशी यांच्या कारकिर्दीचा आरंभ फोकपासून झाला आणि उत्तरार्धात ते मिन्योकडे वळले.

प्रारंभिक जीवन

त्यांचा जन्म शिगा प्रांतातील ओमिहाचिमान येथे झाला. वडील ख्रिस्ती धर्मोपदेशक होते. ओकाबायाशी यांनी क्योतो येथील दोशिशा विद्यापीठात ख्रिस्ती धर्मशास्त्राच्या अभ्यासक्रमास प्रवेश घेतला. पण तो पूर्ण केला नाही. तोक्योतील सान्या या रोजंदारी मजुरांच्या वस्तीत त्यांनी स्वतः मजुरी केली. तोमोया ताकाइशी या गायकाचे गायन ऐकून ते गीतलेखनाकडे वळले.

कारकीर्द

१९६८ साली ‘सान्या ब्लूज’ ही त्यांची पहिली ध्वनिमुद्रिका प्रसिद्ध झाली. शहराची उभारणी करूनही समाजाच्या कडेला राहिलेल्या मजुरांचे जीवन हा या गीताचा विषय आहे. तिच्याच दुसऱ्या बाजूवरील ‘तोमो यो’ (अर्थ: ‘मित्रा’) हे गीत विद्यार्थी आंदोलनांत सामूहिकरीत्या गायिले जाऊ लागले. १९६९ मध्ये तोक्योच्या शिंजुकू स्थानकाच्या पश्चिमेकडील चौकात युद्धविरोधी तरुण गाण्यासाठी जमत, तेव्हाही ते गायिले जाई. पोलिसांनी हे मेळावे बंद पाडले आणि तेथील फलकावरील ‘चौक’ हा शब्द बदलून ‘मार्गिका’ असा करण्यात आला. मार्गिकेत थांबता येत नाही, असा त्यामागील अर्थ होता.

‘तेगामी’ (अर्थ: ‘पत्र’) हे गीत बुराकू समाजाला सोसाव्या लागणाऱ्या भेदभावाविषयी आहे. जन्मामुळे विवाह नाकारला गेलेल्या तरुणीची व्यथा त्यात मांडलेली असून ते दीर्घकाळ प्रसारणाबाहेर राहिले. अशी गीते मोठ्या कंपन्या प्रसिद्ध करीत नसल्याने १९६९ मध्ये सभासदांच्या वर्गणीवर आधारित ‘यूआरसी’ ही ध्वनिमुद्रण संस्था सुरू झाली. ओकाबायाशी यांचा पहिला अल्बम ‘वाताशी ओ दान्झाइ सेयो’ (अर्थ: ‘मला दोषी ठरवा’) त्याच वर्षी या संस्थेने प्रसिद्ध केला.

लोकप्रियता शिगेला पोहोचली असतानाच, १९६९ मध्ये, ठरलेले कार्यक्रम सोडून ते अचानक निघून गेले. चळवळीचा प्रवक्ता म्हणून आपल्याकडून होणाऱ्या अपेक्षा त्यांना जाचक वाटू लागल्या होत्या. १९७० मध्ये ते परतले ते ‘हॅपी एंड’ या रॉक वाद्यवृंदासह. त्या वर्षीच्या ‘मिरू माए नि तोबे’ (अर्थ: ‘पाहण्यापूर्वी उडी घे’) या अल्बममध्ये विजेवरील गिटारची साथ आहे. यामुळे त्यांची तुलना बॉब डिलनशी होऊ लागली.

ग्रामीण जीवन व एन्का

१९७० च्या दशकाच्या पूर्वार्धात ते शहर सोडून विरळ वस्तीच्या खेड्यात राहिले व शेती करू लागले. तेथे त्यांना ‘एन्का’ या भावगीतप्रकाराची गोडी लागली. बुद्धिवादी श्रोत्यांना एन्का जुनाट वाटे. तरीही ओकाबायाशी यांनी तशी गीते रचली आणि १९७५ मध्ये ख्यातनाम गायिका मिसोरा हिबारी यांनी त्यांचे ‘त्सुकी नो योगिशा’ (अर्थ: ‘चांदण्यातील रात्रगाडी’) गायिले. २०१० मध्ये ओकाबायाशी यांनी हिबारी यांच्या स्मरणार्थ एक अल्बम प्रसिद्ध केला.

एन्यातोत्तो

१९८० च्या दशकात त्यांनी मिन्योच्या लयीवर आधारित स्वतंत्र शैली विकसित केली व तिला ‘एन्यातोत्तो’ हे नाव दिले. मियागी प्रांतातील कोळ्यांच्या गीतात वल्ही मारताना जो पुकारा दिला जातो, त्याच्याशी हे नाव जुळते. अमेरिकन ठेक्याऐवजी आपल्या मातीतील ठेक्यावर गाणे रचावे, ही त्यामागील भूमिका होती.

मार्च २०२१ मध्ये, वयाच्या ७४ व्या वर्षी, त्यांनी ‘फुक्कात्सू नो आसा’ (अर्थ: ‘पुनरुत्थानाची पहाट’) हा अल्बम प्रसिद्ध केला. नव्या स्वरचित गीतांचा हा त्यांचा २३ वर्षांतील पहिलाच अल्बम होय.