‘तो’मध्ये ‘ती’ गृहीत धरताना : इंग्रजीतील लिंगनिरपेक्ष शब्दांचा इतिहास

इंग्रजीत ‘चेअरमन’च्या जागी ‘चेअर’ किंवा ‘चेअरपर्सन’, ‘फायरमन’च्या जागी ‘फायरफायटर’, ‘पोलीसमन’च्या जागी ‘पोलीस ऑफिसर’ आणि ‘स्ट्युअर्डेस’च्या जागी ‘फ्लाइट अटेंडंट’ हे शब्द गेल्या पन्नास वर्षांत इतके रुळले आहेत, की त्यांच्यामागे दीड शतकाहून अधिक काळ चाललेला वाद आहे याची जाणीव ते वापरणाऱ्यांनाही क्वचितच असते. ज्या शब्दावरून व्यक्ती स्त्री आहे की पुरुष हे सूचित होत नाही, त्याला लिंगनिरपेक्ष शब्द म्हणतात; आणि अशा शब्दांचा आग्रह म्हणजे १९७० च्या दशकातील स्त्रीमुक्ती चळवळीने धरलेला हट्ट आहे, असा समज अनेकांच्या मनात असतो. वस्तुतः हा वाद प्रथम उभा राहिला तो मतदानाचा हक्क, वकिलीची सनद आणि विधिमंडळातील जागा यांच्या निमित्ताने, आणि त्याच्या मुळाशी एकच प्रश्न होता : पुल्लिंगी शब्दात स्त्रीचाही समावेश आहे असे जेव्हा सांगितले जाते, तेव्हा तो समावेश प्रत्यक्षात होतो का?

‘मॅन’ शब्दाचे दोन अर्थ

सुमारे हजार वर्षांपूर्वीच्या, म्हणजे भाषाभ्यासक जिला जुनी इंग्रजी म्हणतात त्या भाषेत, ‘मान्’ या शब्दाचा मुख्य अर्थ ‘मनुष्य’ असा होता, आणि पुरुषासाठी ‘वेर’ व स्त्रीसाठी ‘वीफ’ असे स्वतंत्र शब्द उपलब्ध होते. ‘वीफ’ आणि ‘मान्’ यांच्या जोडणीतून आजचा ‘वूमन’ हा शब्द घडला, तर ‘वेर’ हळूहळू वापरातून गेला आणि लांडग्याचे रूप घेणाऱ्या माणसाच्या दंतकथेतील ‘वेअरवुल्फ’ या शब्दापुरता शिल्लक राहिला. पुरुषवाचक शब्दाची ती रिकामी जागा ‘मॅन’ने भरून काढली, त्यामुळे एकाच शब्दाला ‘मनुष्य’ आणि ‘पुरुष’ असे दोन अर्थ चिकटले, व कोणत्या वाक्यात कोणता अर्थ घ्यावा हे वाचणाऱ्याच्या समजुतीवर सोपवले गेले.

याच मध्ययुगीन काळात इंग्रजी नामांचे व्याकरणिक लिंग लोप पावले आणि लिंगभेद प्रामुख्याने तृतीयपुरुषी एकवचनी सर्वनामांत उरला. व्यक्ती अनिश्चित असताना कोणते सर्वनाम वापरावे, हा प्रश्न बोलणाऱ्यांनी आपल्या परीने सोडवला होता : चौदाव्या शतकापासूनच्या लेखनात ‘दे’, म्हणजे एरवी अनेकवचनी असणारे ‘ते’, एका अनिश्चित व्यक्तीसाठी वापरलेले आढळते, आणि चॉसर, शेक्सपिअर व जेन ऑस्टिन यांच्या लेखनातही हा प्रयोग आहे. अठराव्या शतकाच्या मध्यास मात्र व्याकरणकारांनी वेगळा दंडक घातला. न्यूकॅसलची शिक्षिका अ‍ॅन फिशर हिच्या व्याकरणात आणि १७४६ मध्ये प्रसिद्ध झालेल्या जॉन कर्कबीच्या व्याकरणात, स्त्री व पुरुष दोघांनाही लागू पडणाऱ्या सामान्य नामासाठी पुल्लिंगी सर्वनाम योजावे असा नियम आला, आणि पुढील शतकात शालेय पुस्तकांनी तो घरोघरी पोहोचवला. अ‍ॅन बोडाइन या अभ्यासिकेने १९७५ मधील आपल्या निबंधात दाखवून दिले, की एकवचनी ‘दे’ला वचनाची चूक म्हणून नाकारणाऱ्या व्याकरणकारांना ‘ही’, म्हणजे ‘तो’, स्त्रीसाठी वापरताना होणारी लिंगाची चूक खटकत नव्हती. दोन विसंगतींपैकी एकीला शुद्ध आणि दुसरीला अशुद्ध ठरवण्यामागे भाषेखेरीज अन्य मूल्ये काम करीत होती.

न्यायालयातील ‘मॅन’ आणि ‘पर्सन’

ब्रिटिश पार्लमेंटने १८५० मध्ये, लॉर्ड ब्रूहॅम यांच्या नावाने ओळखल्या जाणाऱ्या अधिनियमाने, या व्याकरणनियमाला कायद्याचे बळ दिले. उलट तरतूद स्पष्टपणे केलेली नसेल तर कायद्यातील पुल्लिंगी शब्दांत स्त्रियांचाही समावेश धरावा, असे त्यात म्हटले होते, आणि त्याचा हेतू कायद्यांची भाषा आटोपशीर करणे हा होता. त्या तरतुदीची खरी परीक्षा सतरा वर्षांनी झाली. मताधिकाराचा विस्तार करणारे विधेयक पार्लमेंटपुढे असताना, २० मे १८६७ रोजी तत्त्वचिंतक आणि खासदार जॉन स्टुअर्ट मिल यांनी त्यातील ‘मॅन’ हा शब्द काढून ‘पर्सन’ घालावा अशी दुरुस्ती मांडली. बाजूने ७३ आणि विरोधात १९६ मते पडून ती फेटाळली गेली, तरी एका नामाच्या बदलाने लक्षावधींचे नागरिकत्व बदलू शकते हे त्या दिवशी पार्लमेंटच्या कामकाजात नोंदले गेले.

दुरुस्ती फेटाळली तरी १८५० चा अधिनियम अस्तित्वात होताच, म्हणून मँचेस्टरमधील पाच हजारांहून अधिक स्त्रियांनी मतदारयादीत नाव नोंदवण्याचा दावा केला, आणि तो ‘चोर्लटन विरुद्ध लिंग्ज’ या नावाने १८६८ च्या नोव्हेंबरात न्यायालयापुढे आला. त्यांच्या वकिलांपैकी एक असलेल्या रिचर्ड पँकहर्स्ट यांच्या बाजूचे म्हणणे सरळ होते : नव्या कायद्यात ‘मॅन’ आहे, ‘मॅन’मध्ये स्त्री येते असे पार्लमेंटनेच सांगितले आहे, तेव्हा मताधिकार स्त्रीलाही मिळतो. न्यायालयाने हे मान्य केले नाही. मताधिकारासारख्या बाबतीत स्त्रिया परंपरेने अपात्रच आहेत, म्हणून येथे ‘मॅन’चा अर्थ पुरुष एवढाच घ्यावा, असा निर्णय झाला. कर आणि शिक्षा यांच्या कायद्यांतील पुल्लिंगी शब्द मात्र स्त्रीला लागू होतच राहिले. अमेरिकेत १८७२ च्या निवडणुकीत मतदान केल्याबद्दल खटल्याला सामोरे गेलेल्या सुसान अँथनी यांनी आपल्या भाषणांतून नेमक्या याच विसंगतीवर बोट ठेवले : पुल्लिंगी सर्वनामांमुळे स्त्रीला मत नसेल, तर त्याच सर्वनामांमुळे तिला करमाफीही मिळाली पाहिजे.

‘पर्सन’ हा उघडपणे लिंगनिरपेक्ष शब्दसुद्धा पुरेसा ठरला नाही. विद्यापीठांच्या पदवीधरांना संसदीय मतदानाचा अधिकार देणाऱ्या कायद्यात ‘पर्सन’ शब्द असूनही, स्कॉटलंडमधील पदवीधर स्त्रियांचा दावा १९०८ मध्ये हाउस ऑफ लॉर्ड्सने नाकारला. हिंदुस्थानात १८९७ च्या जनरल क्लॉजेस अ‍ॅक्टच्या कलम १३ ने पुल्लिंगी शब्दांत स्त्रियांचा समावेश सांगितला होता. तरीही १९१६ मध्ये रेजिना गुहा यांनी वकिलीच्या सनदेसाठी अर्ज केला, तेव्हा कलकत्ता उच्च न्यायालयाने वकिलीच्या कायद्यातील पुल्लिंगी सर्वनामे पुरुषांपुरतीच आहेत असा अर्थ लावला. नाशिकला १८६६ मध्ये जन्मलेल्या, मुंबई विद्यापीठाच्या पदवीधर झालेल्या आणि १८९२ मध्ये ऑक्सफर्डमध्ये कायद्याची परीक्षा देणाऱ्या कॉर्नेलिया सोराबजी यांना वकील म्हणून नोंदणीसाठी १९२१ मधील अलाहाबाद उच्च न्यायालयाच्या निर्णयापर्यंत थांबावे लागले, आणि १९२३ मध्ये स्त्री-वकिलांसाठी स्वतंत्र अधिनियम झाला तेव्हाच हा अडसर देशभर दूर झाला. सर्वसमावेशक कलम कायद्यात असताना तेवढ्याचसाठी दुसरा कायदा करावा लागला, हीच त्या कलमाच्या मर्यादेची साक्ष आहे.

कॅनडातील खटला या मालिकेत निर्णायक ठरला. सिनेटच्या सदस्यत्वास पात्र असणाऱ्या ‘पर्सन्स’मध्ये स्त्रिया येतात का, हा प्रश्न अल्बर्टा प्रांतातील एमिली मर्फी आणि त्यांच्या चार सहकारी स्त्रियांनी उपस्थित केला; १९२८ मध्ये कॅनडाच्या सर्वोच्च न्यायालयाने नकारार्थी उत्तर दिले, परंतु १८ ऑक्टोबर १९२९ रोजी अंतिम अपील ऐकणाऱ्या लंडनच्या प्रिव्ही कौन्सिलने ते फिरवून स्त्रियाही ‘पर्सन्स’ आहेत असा निर्णय दिला. शब्द तोच होता. ६१ वर्षांपूर्वी मँचेस्टरच्या खटल्यात परंपरेला दिलेले वजन प्रिव्ही कौन्सिलने या वेळी दिले नाही.

जाहिरातींचे रकाने आणि व्यवसायांची नावे

विसाव्या शतकाच्या उत्तरार्धात हा वाद न्यायालयांतून नोकरीच्या बाजारात आला. अमेरिकेत १९६४ च्या नागरी हक्क कायद्याने नोकरीतील लिंगाधारित भेदभावाला मनाई केली, तरी वृत्तपत्रे ‘पुरुषांसाठी’ आणि ‘स्त्रियांसाठी’ असे नोकरीच्या जाहिरातींचे वेगळे रकाने छापतच होती. १९७३ मध्ये ‘पिट्सबर्ग प्रेस’ खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने पाच विरुद्ध चार मतांनी त्यावरील बंदी उचलून धरली. त्याच वर्षी प्रसिद्ध झालेल्या सँड्रा बेम आणि डॅरिल बेम यांच्या अभ्यासात शाळेच्या शेवटच्या वर्गातील विद्यार्थ्यांना टेलिफोन कंपनीतील कामांच्या जाहिराती वेगवेगळ्या शब्दांत दाखवल्या गेल्या. तारांच्या देखभालीचे ‘लाइनमन’चे काम नेहमीच्या पुरुषवाचक भाषेत मांडले तेव्हा मुलींपैकी ५ टक्के, तटस्थ भाषेत मांडले तेव्हा २५ टक्के, आणि मुद्दाम स्त्रियांना उद्देशून मांडले तेव्हा ४५ टक्के मुलींना अशा कामासाठी अर्ज करावासा वाटला. जोसेफ श्नायडर आणि सॅली हॅकर यांनी त्याच सुमारास विद्यार्थ्यांना समाजशास्त्राच्या पुस्तकातील प्रकरणांसाठी चित्रे निवडायला सांगितली, तेव्हा ‘अर्बन मॅन’सारख्या शीर्षकांना ‘अर्बन लाइफ’सारख्या शीर्षकांपेक्षा केवळ पुरुष असलेली चित्रे अधिक प्रमाणात मिळाली. ‘मॅन’ म्हणजे सर्व माणसे, ही समजूत वाचकांच्या मनात प्रत्यक्षात घडत नाही, याचा हा प्रायोगिक पुरावा होता.

या पार्श्वभूमीवर १९७५ मध्ये अमेरिकेच्या श्रम खात्याने लिंग आणि वय सूचित करणारी व्यवसायनामे बदलणारी अधिकृत यादी काढली. मॅकग्रॉ-हिलसारख्या पाठ्यपुस्तक प्रकाशकांनी १९७४ पासून लेखकांसाठी सूचना दिल्या. आणि केसी मिलर व केट स्विफ्ट यांची १९७६ व १९८० मधील दोन पुस्तके संपादकांच्या हाताशी आली. या बदलाचा लाभ एकाच बाजूला झाला असेही नाही. विमानातील सेवेचे काम अमेरिकेतील कंपन्या स्त्रियांनाच देत असत, आणि १९७१ मध्ये ‘डियाझ विरुद्ध पॅन अमेरिकन’ खटल्यात एका पुरुष उमेदवाराने तो भेदभाव मोडून काढला. ‘फ्लाइट अटेंडंट’ हा शब्द त्यानंतर केवळ सोयीचा नव्हे, तर वस्तुस्थितीला धरून असलेला ठरला.

स्त्रीच्या नावामागील उपपदाचा प्रश्नही याच काळात सुटला. ‘मिस्टर’वरून पुरुषाचे लग्न झाले आहे की नाही हे कळत नाही, तर ‘मिस’ आणि ‘मिसेस’ ते जाहीर करतात; त्यांना पर्याय म्हणून ‘मिझ’ असा उच्चार असलेले उपपद १९०१ मध्येच मॅसॅच्युसेट्सच्या स्प्रिंगफील्डमधील एका वृत्तपत्राने सुचवले होते. ते विस्मृतीत गेले, १९६० च्या दशकात शीला मायकल्स यांनी त्याचा पुरस्कार केला, १९७२ पासून त्याच नावाच्या मासिकाने ते लोकांपर्यंत नेले, आणि ‘न्यूयॉर्क टाइम्स’ने १९८६ मध्ये ते स्वीकारले.

कोणते पर्याय टिकले

सर्वनामांच्या बाबतीत नव्या शब्दांचे कारखाने चालले नाहीत. चार्ल्स कॉन्व्हर्स या वकील आणि संगीतकाराने १८८४ मध्ये जाहीर केलेले ‘थॉन’ हे सर्वनाम १९३४ च्या वेबस्टर कोशात पोहोचले, पण वापराअभावी १९६१ च्या आवृत्तीत गळले. अशी अनेक घडवलेली सर्वनामे आली आणि गेली. टिकले ते व्याकरणकारांनी नाकारलेले जुने ‘दे’. ते एका व्यक्तीसाठी वापरणे तर्काला सोडून आहे, हा आक्षेप फार काळ टिकणारा नाही, कारण इंग्रजीतील ‘यू’ हेही मूळचे अनेकवचनी सर्वनाम एकवचनी ‘दाऊ’ला हटवून बसले आहे आणि त्याच्यासोबत अनेकवचनी क्रियापद आजही चालते. वृत्तसंस्था असोसिएटेड प्रेसच्या शैलीपुस्तिकेने २०१७ मध्ये एकवचनी ‘दे’ला मर्यादित मान्यता दिली, आणि स्वतःला स्त्री किंवा पुरुष यांपैकी कोणत्याही एका वर्गात न मोजणाऱ्या व्यक्तींसाठीचा त्याचा अर्थ २०१९ मध्ये मेरियम-वेबस्टर कोशात दाखल झाला.

नामांतही हाच कल दिसतो. ‘चेअरपर्सन’ हा शब्द अनेक ठिकाणी केवळ स्त्री अध्यक्षांसाठी वापरला जाऊन पुरुषांसाठी ‘चेअरमन’च राहू लागला, तेव्हा त्याचा हेतूच फसला, याउलट सतराव्या शतकापासून अध्यक्षाच्या अर्थाने चालत आलेला ‘चेअर’ आणि कामाचे वर्णन करणारा ‘फायरफायटर’ हे शब्द सहज रुजले. ब्रिटिश सरकारने मार्च २००७ मध्ये आपली विधेयके लिंगनिरपेक्ष भाषेत लिहिण्याचे जाहीर केले; अमेरिकेतील वॉशिंग्टन राज्याने २०१३ मध्ये संपूर्ण संहिता तशी सुधारण्याचे काम पूर्णत्वास नेले, मात्र ‘मॅनहोल’सारखे काही शब्द पर्याय गैरसोयीचा वाटल्याने तसेच ठेवले. सप्टेंबर २०२१ मध्ये मेरिलबोन क्रिकेट क्लबने खेळाच्या नियमांत ‘बॅट्समन’ऐवजी ‘बॅटर’ आणला. ‘बोलर’ आणि ‘फील्डर’ या जुन्या शब्दांशी तो आपोआप जुळला.

शब्द बदलल्याने वेतनातील तफावत मिटत नाही आणि पदोन्नतीची दारे उघडत नाहीत, हा आक्षेप गंभीर आहे व तो मान्य केला पाहिजे. ‘पर्सन’ शब्द हाती असतानाही न्यायाधीशांनी स्त्रीला वगळले, हे वरील इतिहासच सांगतो. परंतु त्याच इतिहासाचा दुसरा निष्कर्षही तितकाच ठाम आहे : लिंगनिरपेक्ष शब्द असताना वगळण्यासाठी न्यायालयाला परंपरेचा उघड आधार घ्यावा लागला आणि पुढे तो आधार प्रिव्ही कौन्सिलमध्ये टिकला नाही, तर पुल्लिंगी शब्द असताना वगळणुकीचे समर्थन कायद्याच्या शब्दांतच सापडत होते. भारतात कलम १३ आजही लागू आहे, आणि सर्वोच्च न्यायालयाने ऑगस्ट २०२३ मध्ये काढलेल्या लिंगभावविषयक साचेबद्ध कल्पनांवरील पुस्तिकेत ‘हाउसवाइफ’च्या जागी ‘होममेकर’ असे पर्याय सुचवले आहेत. समावेशाचा नियम कायद्यात अन्यत्र लिहून ठेवण्यापेक्षा, हक्क देणाऱ्या वाक्यातच ज्याला तो मिळतो त्या प्रत्येकाचा समावेश करणारा शब्द योजणे अधिक सुरक्षित आहे; कारण पुल्लिंगी शब्दात आपलाही समावेश आहे हे सिद्ध करण्याचा भार ज्यांच्यावर पडला, त्यांना तो पिढ्यान्‌पिढ्या वाहावा लागला, आणि मसुदा लिहिणाऱ्याने थोडी काळजी घेतली तर तो भार कोणावरही टाकण्याची गरज नाही.