शेवट पाहणारा देव

लंडनमध्ये १९०५ साली एक छोटंसं पुस्तक निघालं, ‘द गॉड्स ऑफ पेगाना’. लेखक आयर्लंडमधले एक तरुण उमराव, लॉर्ड डन्सेनी. बोअर युद्धात लढून आलेले, वयाची पंचविशी नुकतीच ओलांडलेले. पहिलंच पुस्तक असल्यामुळे छपाईचा खर्च त्यांनी पदरचा केला. त्यात सलग अशी कथा नाही, पान-दोन पानांची प्रकरणं आहेत. पण त्या प्रकरणांतून एक अख्खं दैवतमंडळ उभं राहतं, आणि त्यातल्या एकाही देवाला त्याआधी जगात कुठेही कुणी हात जोडलेले नव्हते. टॉल्किन यांचं ‘द हॉबिट’ यायला अजून बत्तीस वर्षं होती.

या मंडळातला मला सर्वांत विलक्षण वाटतो तो डोरोझांड, नियतीचा देव. माणसांच्या आयुष्यांच्या वर कुठेतरी बसून तो पुढे घडणारं सगळं बघत असतो. बाकीच्या देवांची नजर जिथे संपते त्याच्याही पलीकडे त्याची नजर पोचते. ज्याच्यावर ती पडली, तो माणूस डोरोझांडच्या धनुष्यातून सुटलेला बाण होतो. तो कुठे जाऊन रुतणार हे ठरलेलं असतं, मात्र ते लक्ष्य त्या बाणाला दिसत नाही.

इतकं सगळं ठाऊक असलेला हा देव कुणालाच काही सांगत नाही. पेगानात भविष्य पाहणारा एक आणि भविष्य सांगणारे वेगळेच. सांगणारे म्हणजे माणसांतले प्रेषित, आणि त्यांना काहीही माहीत नसतं. यूग नावाचा प्रेषित म्हणे सर्वज्ञ होता. मृत्यूचा देव मुंग त्याला दिसला, तेव्हा ही भेट काही त्याच्या ज्ञानात नव्हती. दुसरा प्रेषित यून-इलारा मृत्यूला भ्यायचा नाही. उंच मनोरा बांधून त्यावरून तो मुंगला रोज शिव्याशाप द्यायचा. मुंग आलाच नाही. वर्षांवर वर्षं गेली, यून-इलारा जख्ख म्हातारा झाला, आणि मग त्याच मनोऱ्यावरून तो मुंगने यावं म्हणून त्याची विनवणी करू लागला. ही कथा जेमतेम एका पानाची आहे, आणि वाचल्यावर कितीतरी वेळ दुसरं काही वाचवत नाही.

भविष्य आधीच ठरलेलं असेल तर माणसाच्या निवडीला काय अर्थ उरतो? तत्त्वज्ञ या प्रश्नावर ग्रंथ लिहितात. डन्सेनींनी तो एका रस्त्यावर सोडवला. एक माणूस आपल्या वाटेने चाललेला असतो, आणि अचानक समोर मुंग. माणूस हळहळतो, या वाटेने आलो नसतो तर ही गाठ पडली नसती. मुंग त्याला सांगतो की तुला दुसऱ्या वाटेने येता आलं असतं, तर विश्वाची सगळी रचनाच वेगळी असती आणि देवही दुसरेच असते. एका पावलाची दिशा बदलायची तर आभाळापर्यंत सगळं नव्याने मांडावं लागेल! मुंगच्या बोलण्यात राग नाही, कीवही नाही. वस्तुस्थिती आहे तशी तो सांगतो, आणि मग आपली खूण करतो. ज्याच्यापुढे मुंगने खूण केली, त्याचं आयुष्य तिथे संपतं.

काळाचा कारभार डोरोझांडकडे नाही. तो सिशकडे आहे, तासांचा संहार करणाऱ्या देवाकडे, आणि काळ हा सिशचा शिकारी कुत्रा. सिश कधी थांबत नाही, मागे वळत नाही. त्याच्या तोंडासमोर असतं ते सगळं ताजं, पाठीमागे पडतं ते सुकलेलं. त्याच्या पुढे चालतो किब, जीवन देणारा. मागून येतो मुंग. जन्म, काळ आणि मृत्यू यांची ही चाल एकदा मनात बसली की निघत नाही.

पुढच्याच वर्षी, १९०६ मध्ये आलेल्या ‘टाइम अँड द गॉड्स’मध्ये काळ देवांचा सेवक होऊन येतो. देवांनी स्वप्नात सार्डाथ्रियन नावाचं संगमरवरी नगर रचलेलं असतं. एके दिवशी काळ रक्ताने माखलेली तलवार घेऊन देवांसमोर येतो आणि ते नगर आपण पाडलं असं सांगतो. देव रडतात. पण नंतर ते त्याच्याकडे बघतात ते भीतीने, कारण नगरानंतर पाळी कुणाची, हे त्यांनाही कळलेलं असतं.

या सगळ्याच्या मुळाशी आहे माना-यूद-सुशाई. त्याने देव घडवले आणि तो झोपी गेला. त्याच्या पायांशी स्कार्ल नावाचा वादक अखंड ढोल वाजवत बसला आहे, तो माना-यूद-सुशाईची झोप मोडू नये म्हणून. कधी त्याचा हात थोडा थकतो, पण ढोल थांबत नाही. ज्या दिवशी थांबेल त्या दिवशी माना-यूद-सुशाई जागा होईल आणि हे देव, ही जगं, सारं संपेल. कुणी म्हणतात, जगं म्हणजे त्या ढोलाचे पडसादच. कुणी म्हणतात, ढोलामुळे झोपलेल्याला पडणारी स्वप्नं.

इथे मराठी वाचकाला शेषशायी विष्णू आठवल्यावाचून राहणार नाही, आणि ४३२ कोटी वर्षांचा ब्रह्मदेवाचा दिवसही. पण फरक मोठा आहे. आपल्या कल्पाला हिशेब आहे, रात्र किती आणि पहाट कधी हे पुराणांनी मोजून ठेवलेलं आहे. पेगानात मोजमाप नाही. शेवट येणार हे नक्की, आणि तो अवलंबून आहे एका दमत चाललेल्या हातावर. मला हे जास्त भयंकर वाटतं, आणि जास्त सुंदरही.

डन्सेनी १९१९ मध्ये अमेरिकेतल्या बोस्टन शहरात व्याख्यानाला गेले, तेव्हा श्रोत्यांत भयकथाकार एच. पी. लव्हक्राफ्ट होते. त्यांनी पुढे उभा केलेला अझाथोथ नावाचा देव विश्वाच्या मध्यभागी भान हरपून पडलेला असतो आणि त्याच्याभोवती ढोल आणि बासऱ्या वाजत असतात. स्कार्लचा ढोल तिथे ऐकू येतोच.

डन्सेनी १९५७ मध्ये गेले. भारतात ‘द गॉड्स ऑफ पेगाना’ आता स्वामित्वहक्काच्या बंधनातून मुक्त आहे. तेव्हा यून-इलारा आणि रस्त्यावरचा तो माणूस कुणीतरी मराठीत आणावेत. भाषांतर करताना एकच जपावं लागेल. डन्सेनींची इंग्रजी बायबलच्या जुन्या वळणाची आहे, वाक्यं ‘आणि’ने सुरू होऊन गंभीर पावलं टाकत पुढे जातात. त्यांना घाई करून चालणार नाही.