तंगूस आणि नाडी

रात्री साडेदहाला निफाड तालुक्यातल्या एका कांद्याच्या चाळीत मी उकिडवा बसलो होतो. हातात तंगुसाचं एक टोक. दुसरं टोक बारा फुटांवर, एका केसाळ परग्रहवासीयाच्या पोटाला बांधलेलं.

"मामा, मी 'ओढ' म्हटल्यावरच ओढायचं," भाच्याने दुसऱ्यांदा बजावलं. पहिल्या खेपेला मला शिंक आली होती आणि त्या झटक्यात प्राणी थेट ढिगाऱ्यात घुसला होता.

भाचा आणि त्याचे कॉलेजातले चार मित्र सिनेमाचा दुसरा भाग काढत होते. पहिला भाग नऊ मिनिटांचा: द्राक्षबागेत एक छोटा प्राणी उतरतो, दोन जणांना चावतो आणि फवारणीच्या पंपापुढे मरतो. दुसऱ्या भागात कळतं की मरण्याआधी त्याने अंडी घातली होती. ही युक्ती अर्थात उसनी. 'क्रिटर्स' या अमेरिकी सिनेमाचा दुसरा भाग १९८८ साली आला. त्यात अंतराळातल्या दातेरी केसाळ गोळ्यांची अंडी गावात ईस्टरची अंडी म्हणून खपून जातात. आपल्याकडे कुठला ईस्टर? पोरांनी कांदे घेतले. उन्हाळ कांद्याच्या ढिगात अंग चोरून पडलेला तपकिरी गोळा कोण ओळखणार! मूळ कल्पनेपेक्षा मला ही जास्त आवडली.

प्राणी घरीच तयार झाला, तीन दिवसांत. नारळाच्या दोन करवंट्या जोडल्या, वरून काथ्या चिकटवला, थर्माकोलचे दात लावले आणि डोळ्यांच्या जागी दिवाळीच्या माळेतले दोन लाल दिवे बसवले. तो गडगडत येऊन कॅमेऱ्यासमोर थांबला की तोंड पुढे हवं. येईना. कधी पाठ, कधी टाळू, एकदा तर डोळे जमिनीत. तळाशी ओली माती दाबून पाहिली. ती वाळून सुटली आणि प्राणी खुळखुळ्यासारखा वाजू लागला. मग एम-सील. तरी दहातून दोनदा जमायचं.

शेवटी त्यांच्यातल्या सगळ्यात कमी बोलणाऱ्या मुलीने तोडगा काढला. प्राणी आधीच नीट तोंड करून ठेवायचा, तंगुसाने मागे ओढून चौकटीबाहेर न्यायचा आणि चित्र उलटं चालवायचं. तो गडगडत येतो आणि बरोब्बर जागेवर थांबून बघतो. मी ते मोबाइलवर पाहिलं तेव्हा काथ्या कुणी चिकटवला हे ठाऊक असूनही मान मागे गेली. एकच गोची झाली: ओढताना उडालेली कांद्याची टरफलं उलट्या चित्रात जमिनीवरून उठून ढिगावर परत जाऊन बसली. झाडून पुन्हा घ्यायचं ठरत होतं. मी म्हटलं, राहू द्या, तेवढंच खरं भयंकर आहे.

दुसऱ्या भागाची अडचण अशी की प्राणी आता सगळ्यांनी पाहिलेला असतो. अंधारात नुसतं काहीतरी सरकवून भागत नाही. महेश कोठारेंच्या 'झपाटलेला'मध्ये (१९९३) तात्या विंचू पहिल्यांदा हलतो तेव्हा पोटात गोळा येतो, कारण तो रामदास पाध्यांचा बाहुला आहे हे डोकं विसरतं. वीस वर्षांनी, २०१३ला, दुसरा भाग थ्रीडीत आला. माझ्या मते तात्या तिथे जवळ आला, पण भीती लांब गेली. पोरांकडे थ्रीडी नव्हतं. त्यांनी संख्या वाढवली.

प्राणी तीन आणि पडद्यावर हवेत एकवीस. मोबाइल तिकाटण्यावर घट्ट बसवायचा, तीन प्राणी एका कोपऱ्यात ठेवून चित्रण करायचं, मग उचलून दुसऱ्या कोपऱ्यात. असं सात वेळा, आणि नंतर संगणकावर तुकडे जोडायचे. जिद्द नाशिकला नवी नाही. त्र्यंबकेश्वरला जन्मलेल्या दादासाहेब फाळक्यांनी १९१२मध्ये वाटाण्याच्या रोपाची वाढ रोज थोडी थोडी टिपून हलतं चित्र केलं, आणि १९१८च्या 'श्रीकृष्ण जन्म'मध्ये कंसाचं मुंडकं धडावेगळं करून पुन्हा जागेवर आणून बसवलं. तेही हाताने फिरवायच्या कॅमेऱ्यावर. इथे तर चाळीतला बल्ब वाऱ्याने हलला की सावल्या जुळेनात.

उडत्या तबकडीसाठी हिरवा पडदा हवा होता. घरात शेडनेट पडलेली होती, तीच ताणली. जाळीच्या भोकांतून मागची मोटरसायकल दिसू लागली. तेव्हा मला आमच्याच जिल्ह्यातलं मालेगाव आठवलं. फैजा अहमद खान यांच्या २००८च्या माहितीपटात नासिर शेख आणि मंडळी आपला सुपरमॅन उडवताना दिसतात: हिरवं कापड, बैलगाडीची क्रेन, सायकलवर बसलेला कॅमेरा. व्हिडिओ पार्लर चालवता चालवता नासिर संकलन शिकले, २०००मध्ये 'मालेगाव के शोले' केला, त्यात डाकूंना घोड्यांऐवजी सायकली दिल्या. त्यांचा सुपरमॅन म्हणजे यंत्रमागावर काम करणारा काटकुळा शफीक शेख. परग्रहावरून आलेल्या या वीराला मालेगावच्या धुळीने दम लागतो आणि त्याच्या चड्डीची नाडी बाहेर लोंबत असते.

त्या नाडीचा मी बराच विचार केला. आम्ही रात्रभर एक तंगूस लपवत होतो: त्याला काजळी फासली, बल्बची दिशा बदलली, ढिगाला टेकवून ठेवला. तिकडे ती नाडी कुणाच्याही डोळ्यांत भरेल अशी. नाडी आत खोचली तर शफीक गरीब सुपरमॅन दिसेल. बाहेर ठेवली म्हणून तो मालेगावचा दिसतो. मग आमचा तंगूसही दिसू द्यावा का? भाच्याला विचारलं. तो म्हणाला, "नाडी त्याची आहे मामा. तंगूस तुझा आहे." मी गप्प बसलो.

सातवं चित्रण दीडच्या सुमाराला सुरू झालं. चाळीचे मालक, भाच्याच्या मित्राचे काका, तोवर खाटेवरून बघत होते. सुरुवातीलाच त्यांनी एकच अट घातली होती: कांद्यावर बसायचं नाही, दाबला की सडतो. आता ते उठले, मोबाइलवर मागची सहा चित्रणं शांतपणे पाहिली. हसले नाहीत, घाबरलेही नाहीत. पडद्यावर बोट ठेवून म्हणाले, "हा बघ, हा खराब झालाय. शेजारचे नासवंल." आणि कुणी काही म्हणायच्या आत ढिगाशी जाऊन, दोन प्राण्यांच्या मधोमधचा तो कांदा उचलून त्यांनी बाहेर फेकला.

जोडलेल्या चित्रात पाचव्या मिनिटाला एक कांदा गायब होतो. नीट पाहिलं तर दिसतं.