पाटीवर न मावणारं आडनाव

शाळेच्या हजेरीपासून गॅसच्या पुस्तकापर्यंत इथे वडोदऱ्यात माझं आडनाव क्वचितच कोणी धड लिहिलं असेल. त्यामुळे पीट पॉसलथ्वेट हा ब्रिटिश नट मला आधी आवडला तो आडनावासाठीच. थिएटरच्या पाटीवर एवढं नाव दिव्यांनी झळकवायचं तर वीजबिल परवडणार नाही, ते बदल, असं त्याला सुरुवातीला सुचवलं गेलं होतं. पठ्ठ्याने बदललं नाही.

जन्म १९४६ चा, वॉरिंग्टनच्या कामगार घरातला. आधी शिक्षक, मग ब्रिस्टलला नाट्यशिक्षण आणि लिव्हरपूलचं एव्हरीमन थिएटर. वर आलेली गालाची हाडं, खडबडीत चेहरा. नायक म्हणून कोण घेणार! पण ‘इन द नेम ऑफ द फादर’ (१९९३) बघा. खोट्या आरोपाखाली मुलाबरोबर तुरुंगात पडलेला बाप त्याने केलाय. मुलगा झालेला डॅनियल डे-लुईस चिडतो, ओरडतो. बाप हळू बोलतो, आणि आपली नजर बापावरच राहते. ऑस्करचं नामांकन मिळालं, ऑस्कर नाही.

माझा लाडका मात्र ‘ब्रास्ड ऑफ’मधला (१९९६) बँडमास्टर. खाण बंद पडतेय, फुप्फुसांत कोळशाची धूळ साठलीय, आणि याला काळजी बँडच्या सुरांची! शिव्या आहेत, तरी शेवटचं भाषण आईबाबांना दाखवाच.

स्पीलबर्गने त्याला जगातला सर्वोत्तम नट म्हटलं होतं. त्यानंतरही २००८ मध्ये ‘किंग लिअर’ करायला तो त्याच एव्हरीमनमध्ये परतला. जानेवारी २०११ मध्ये कॅन्सरने गेला, ६४ व्या वर्षी.